अष्टपैलू नटाचे अर्थकारण : इरफान खान यांची कारकीर्द कशी चालली

मार्च २०१३ मध्ये ६० व्या राष्ट्रीय चित्रपट पुरस्कारांची घोषणा झाली, तेव्हा सर्वोत्कृष्ट अभिनेत्याचा पुरस्कार दोघांमध्ये विभागून देण्यात आला. एक होते ‘अनुमती’ या गजेंद्र अहिरे दिग्दर्शित मराठी चित्रपटासाठी विक्रम गोखले आणि दुसरे ‘पानसिंग तोमर’ या हिंदी चित्रपटासाठी इरफान खान. गोखले यांची वाटचाल मराठी वाचकाला समजावून सांगावी लागत नाही. व्यावसायिक नाटकाने नाव आणि पोट दोन्ही सांभाळायचे, मालिकांनी घरोघरी पोहोचवायचे आणि मधूनमधून चांगला चित्रपट मिळाला तर करायचा, ही आपल्याकडची जुनी आणि बऱ्यापैकी भरवशाची वहिवाट आहे. इरफान यांच्यापाशी मात्र असा आधार नव्हता, कारण मुंबईत हिंदी नाटक होत असले तरी शिवाजी मंदिर किंवा बालगंधर्वच्या तिकीट खिडकीवर नटाचे घर चालावे, अशी हिंदी व्यावसायिक रंगभूमी तिथे कधी उभीच राहिली नाही. १९८७ साली दिल्लीच्या राष्ट्रीय नाट्य विद्यालयातून, म्हणजे एनएसडीतून, बाहेर पडलेला आणि चित्रपटांत खऱ्या अर्थाने २००३ च्या सुमारास ओळखला जाऊ लागलेला हा नट मधली सोळा वर्षे कशावर टिकला, आणि नंतर इतक्या वेगवेगळ्या तऱ्हेच्या भूमिका त्याच्या वाट्याला आल्या कशा, हे समजून घ्यायचे तर अभिनयाइतकेच पैशाच्या वाटांकडेही पाहावे लागते.

ही कथा सहसा ‘उपेक्षित गुणवत्तेला अखेर न्याय मिळाला’ अशा सुरात सांगितली जाते. त्यात तथ्य आहे, पण ते अर्धेच. गुणवत्ता १९८८ मध्येही होती. तिच्यावर पैसे लावण्याचे कारण असलेली माणसे आणि संस्था तेव्हा जवळपास नव्हत्या. अशा संस्था पुढे एकामागून एक उभ्या राहत गेल्या, आणि त्यातली प्रत्येक वाट खुली झाली तेव्हा इरफान तिथे पोहोचण्याच्या तयारीत होते, कारण दूरचित्रवाणीने त्यांना कामात ठेवले होते.

‘स्वतंत्र चित्रपट’ म्हटले की कमी खर्चाचा, संथ, महोत्सवांत फिरणारा आणि गावातल्या चित्रपटगृहात न पोहोचणारा चित्रपट, असे चित्र डोळ्यांपुढे येते. ही त्याची लक्षणे असू शकतात, व्याख्या नव्हे. व्याख्या पैशाच्या अटीत आहे. मुंबईच्या मुख्य प्रवाहात पूर्वापार रीत अशी होती, की निर्मात्याने मोठ्या ताऱ्याचे नाव जाहीर करायचे आणि त्या नावावर वेगवेगळ्या प्रांतांच्या वितरकांकडून आगाऊ रकमा उचलायच्या. तिथे ताऱ्याचे नाव हे कर्जासाठी ठेवलेल्या तारणासारखे काम करते. ज्याच्या नावावर वितरक पैसे देत नाही, त्याला नायकाचा मित्र, खलनायकाचा उजवा हात किंवा दोन प्रसंगांचा पोलीस अधिकारी एवढेच मिळते. त्यात कोणाचा आकस असतोच असे नाही. स्वतंत्र चित्रपटात पैसे देणारा ताऱ्याच्या नावाचे तारण मागत नाही. त्याला पटकथा हवी असते, किंवा दिग्दर्शकाचे आधीचे काम, किंवा आपल्या देशाचा सहभाग, किंवा महोत्सवात निवड होण्याची शक्यता. म्हणून तिथे ‘या भूमिकेला कोण शोभेल’ हा प्रश्न आधी येतो आणि ‘याच्या नावावर किती तिकिटे खपतील’ हा नंतर. अष्टपैलू नटाला वाव मिळतो तो या क्रमातून.

इरफान यांची सुरुवात याच वाटेवरून झाली, पण ती जवळजवळ हुकली. मीरा नायर ‘सलाम बॉम्बे’साठी कलाकार शोधत एनएसडीत आल्या आणि त्यांनी शेवटच्या वर्षातल्या इरफान यांना मोठ्या भूमिकेसाठी निवडले. मुंबईत रस्त्यावरच्या मुलांबरोबर कार्यशाळा सुरू झाली, तेव्हा उंच, धट्ट्याकट्ट्या शरीराचा हा तरुण त्या अर्धपोटी मुलांमध्ये बसत नाही हे उघड झाले. भूमिका गेली आणि हाती राहिला रस्त्याकडेला बसून निरक्षरांची पत्रे लिहून देणाऱ्या माणसाचा छोटासा प्रसंग. त्यानंतरच्या काही वर्षांत गोविंद निहलानी यांचा ‘दृष्टी’ आणि तपन सिन्हा यांचा ‘एक डॉक्टर की मौत’ अशी कामे मिळाली; यातला दुसरा चित्रपट राष्ट्रीय चित्रपट विकास महामंडळाच्या, म्हणजे एनएफडीसीच्या पैशातून झाला होता. त्या काळात भारतात ताऱ्याशिवाय चित्रपट काढायचा तर सरकारी महामंडळ हा जवळपास एकमेव मोठा आधार होता, आणि एका महामंडळाच्या वर्षभरातल्या मोजक्या चित्रपटांवर नटांच्या एका पिढीचा संसार चालणे शक्य नव्हते.

तो चालवला मालिकांनी. दूरदर्शनवर प्रायोजित मालिकांची पद्धत १९८४ च्या ‘हम लोग’नंतर रुजली होती. निर्मात्याने मालिका आपल्या खर्चाने बनवायची, दूरदर्शनला प्रक्षेपणाचे शुल्क द्यायचे आणि त्या बदल्यात मिळालेला जाहिरातींचा वेळ विकून खर्च भरून काढायचा, असा तो व्यवहार होता. यात ताऱ्याला द्यायला पैसे नसत, आणि ऐतिहासिक किंवा साहित्यावर आधारलेल्या मालिकांना तर शुद्ध उच्चारांची, पल्लेदार वाक्ये पेलणारी माणसे घाऊक प्रमाणात लागत. एनएसडीचे विद्यार्थी या मागणीत चपखल बसले. श्याम बेनेगल यांच्या ‘भारत एक खोज’मध्ये तेच ते नट वेगवेगळ्या शतकांतली माणसे होऊन येत, त्यात इरफानही होते. ‘लाल घास पर नीले घोडे’ या रशियन नाटकावरून केलेल्या दूरदर्शनच्या प्रयोगात ते लेनिन झाले. ‘कहकशाँ’ या उर्दू कवींवरच्या मालिकेत त्यांनी हैदराबादचे क्रांतिकारी कवी मखदूम मोहिउद्दीन उभे केले. चंद्रप्रकाश द्विवेदी यांच्या ‘चाणक्य’मध्ये (१९९१-९२) ते मगधाचा सेनापती भद्रशाल होते, तर ‘चंद्रकांता’मध्ये बद्रीनाथ हा ऐयार, म्हणजे वेषांतरात तरबेज हेर. मराठी प्रेक्षकाला गंमत वाटेल अशी एक भूमिका ‘द ग्रेट मराठा’ या महादजी शिंद्यांवरच्या मालिकेत होती. पानिपताच्या कथेत आपण ज्याच्या नावाने लहानपणापासून बोटे मोडत आलो, तो नजीबखान रोहिला त्यात इरफान यांनी केला होता.

यादी मोठी केली तर आणखी नावे येतील, पण मुद्दा नावांचा नाही. लेनिन, कवी, सेनापती, ऐयार आणि रोहिला ही माणसे एकाच नटाने दहा वर्षांच्या आत केली, आणि त्यातली एकही भूमिका त्याच्यासाठी म्हणून लिहिलेली नव्हती. चित्रपटातला तारा आपल्या प्रतिमेला सोसेल तेवढेच करतो. मालिकेतला नट जे पुढ्यात येईल ते करतो, कारण पुढच्या महिन्याचे भाडे द्यायचे असते. अष्टपैलूपणाचे आपण एवढे कौतुक करतो, पण त्याची पहिली तालीम बहुतेकदा निरुपायातून होते.

मालिकेचे काम शिकवते काय आणि बिघडवते काय, हेही नीट पाहायला हवे. एका दिवसात बरीच पाने उरकायची असतात, तालमीला वेळ नसतो, संवाद कधीकधी त्याच सकाळी हातात येतात. छोट्या पडद्यामुळे कॅमेरा चेहऱ्याच्या जवळ राहतो, त्यामुळे हातवाऱ्यांपेक्षा डोळे आणि वाक्यामधले थांबे यांवर काम भागवण्याची सवय लागते. ही कमाई झाली. तोट्याची बाजू अशी, की मालिकेचा प्रेक्षक स्वयंपाकघरातून ऐकत असतो असे गृहीत धरून प्रत्येक भावना शब्दांत सांगितली जाते. रागावलेला माणूस ‘मी रागावलो आहे’ असे तीन प्रकारे सांगतो. वर्षानुवर्षे हे केले की नटाची शांत राहण्याची क्षमता झिजते. १९९० च्या दशकाच्या उत्तरार्धात या कामाचा आपल्याला उबग आला होता आणि हा व्यवसाय सोडावा असे वाटू लागले होते, हे इरफान यांनी पुढे मुलाखतींतून सांगितले आहे. पैशाचे म्हणाल तर मुंबईच्या मालिका-व्यवसायात नटाचा हिशेब कामाच्या दिवसांवर होतो आणि रक्कम हातात पडायला साधारण तीन महिने जातात. एक मालिका बंद पडली आणि दुसरी मिळाली नाही, की जुन्या उधारीवर घर ओढायचे.

यातून बाहेर पडण्याची वाट लंडनहून आली. आसिफ कपाडिया हा भारतीय वंशाचा, ब्रिटनमध्ये वाढलेला तरुण दिग्दर्शक आपला पहिला मोठा चित्रपट ‘द वॉरियर’ राजस्थान आणि हिमाचलात, हिंदी भाषेत करत होता आणि त्याला पैसे देणारी मुख्य संस्था होती ‘फिल्मफोर’, म्हणजे ब्रिटनच्या ‘चॅनल फोर’ या दूरचित्रवाहिनीची चित्रपट शाखा. दूरचित्रवाहिनीने चित्रपटाला पैसे द्यायचे, आधी तो चित्रपटगृहात आणि महोत्सवांत चालवायचा आणि मग आपल्या वाहिनीवर दाखवायचा, ही युरोपातली रुळलेली पद्धत आहे. तिथे मुंबईच्या वितरकाचे मत विचारण्याची गरज नव्हती. जहागीरदाराच्या हुकुमावरून गावे उजाड करणारा लाफ्काडिया हा योद्धा, तलवार उगारलेली असताना एका मुलीच्या गळ्यात आपल्या मुलाचा ताईत पाहतो आणि तिथून पुढे हत्यार टाकून देतो, एवढेच कथासूत्र. संवाद अगदी थोडे. मालिकांनी ज्याला सतत बोलायला लावले होते, त्या नटाला इथे बहुतेक वेळ फक्त चालायचे, पाहायचे आणि थांबायचे होते.

२००१ च्या या चित्रपटाने पुढे ‘बाफ्टा’ या ब्रिटिश चित्रपट अकादमीचा सर्वोत्कृष्ट ब्रिटिश चित्रपटाचा पुरस्कार मिळवला. ऑस्करच्या परभाषी विभागासाठी ब्रिटनकडून तो पुढे आला, तेव्हा हिंदी ही ब्रिटनची भाषा नव्हे या कारणावरून तो अमान्य झाला आणि त्याच्या जागी वेल्श भाषेतला ‘एल्ड्रा’ गेला. पैसा एका देशाचा, भाषा दुसऱ्याची आणि नट तिसऱ्याच व्यवसायातून आलेला, अशा चित्रपटाला कोणत्या कप्प्यात ठेवायचे हा प्रश्न इरफान यांच्या कारकिर्दीत पुढेही वारंवार उभा राहिला.

त्यानंतर दोन वर्षांत एनएसडीचेच तिग्मांशु धुलिया यांचा ‘हासिल’ आणि विशाल भारद्वाज यांचा ‘मकबूल’ आला. ‘हासिल’मधल्या अलाहाबादच्या विद्यार्थी राजकारणातल्या रणविजय सिंगसाठी इरफान यांना खलनायकाचा फिल्मफेअर मिळाला, आणि ‘मकबूल’मध्ये शेक्सपिअरचा मॅकबेथ मुंबईच्या अंडरवर्ल्डमध्ये येऊन बसला. याच सुमारास बदलत होती ती चित्रपटगृहे. १९९७ मध्ये दिल्लीच्या साकेत भागात ‘पीव्हीआर अनुपम’ हे मल्टिप्लेक्स सुरू झाले, आणि मग राज्य सरकारांनी दिलेल्या करसवलतींच्या बळावर मुंबई-पुण्यातही मल्टिप्लेक्स उभी राहिली. हजार आसनांचे एकपडदा चित्रपटगृह भरायला सगळ्या थरांना आवडणारा तारा लागतो; दोनशे आसनांचा पडदा आणि चढ्या दराचे तिकीट असेल तर शहरातला ठरावीक प्रेक्षक आला तरी हिशेब जमतो. निशिकांत कामत हे ‘डोंबिवली फास्ट’चे मराठी दिग्दर्शक हिंदीत आले ते याच अवकाशात, आणि त्यांच्या ‘मुंबई मेरी जान’मध्ये (२००८) इरफान यांनी केलेला, सायकलवरून चहा-कॉफी विकणारा थॉमस मला त्यांच्या मोठ्या गाजलेल्या भूमिकांइतकाच महत्त्वाचा वाटतो. झगमगत्या मॉलमधून कुटुंबासमोर अपमान करून हाकलला गेलेला हा माणूस बॉम्ब ठेवल्याचे खोटे फोन करू लागतो. त्याच्या तोंडी फारसे संवादच नाहीत, आणि तरी पहिल्या फोननंतर पळापळ पाहताना त्याच्या चेहऱ्यावर उमटणारे लहान मुलासारखे समाधान अंगावर येते.

जाहिरातींचा उल्लेख अशा लेखांतून सहसा टाळला जातो, जणू ती कलेला लागलेली कीड आहे. इरफान यांच्या बाबतीत तसे करणे चुकीचे ठरेल. ‘हच’ या मोबाइल कंपनीच्या ‘छोटा रिचार्ज’च्या जाहिरातीत ते थेट कॅमेऱ्याकडे पाहून, शेजाऱ्याशी गप्पा मारल्यासारखे बोलत. त्या काही सेकंदांनी त्यांचा चेहरा आणि बोलण्याची लकब जितक्या घरांत नेली, तितक्या घरांत ‘मकबूल’ पोहोचला नव्हता. शिवाय जाहिरातीचे काम थोड्या दिवसांत उरकते आणि त्या मानाने मोबदला चांगला असतो. पुढच्या कमी पैशांच्या पण चांगल्या भूमिकेला होकार देण्याची मोकळीक अशाच उत्पन्नातून मिळते.

मीरा नायर यांच्याकडून पुढचे बोलावणे आले ‘द नेमसेक’साठी. २००६ च्या या चित्रपटात ‘फॉक्स सर्चलाइट’चा पैसा होता. अमेरिकेतल्या बड्या स्टुडिओंनी अशा छोट्या शाखा काढल्या, त्या महोत्सवात चालणारे, मध्यम खर्चाचे चित्रपट घेण्यासाठी. नावाने स्वतंत्र, पण मालकीने बड्या कंपनीच्या, अशी ही मधली अवस्था असते. शुद्धतेचा आग्रह धरणाऱ्यांना ती आवडत नाही, पण नटाच्या दृष्टीने ती फार उपयोगाची, कारण तिथे भूमिका स्वतंत्र चित्रपटाची असते आणि वितरण मोठ्या कंपनीचे. अशोक गांगुली हा कोलकात्याचा तरुण अमेरिकेत प्राध्यापक होतो, त्याचे केस पिकतात, मुलगा त्याच्यापासून दूर जातो, आणि या तीसेक वर्षांत तो एकदाही आवाज चढवत नाही. लहानग्या मुलाला घेऊन तो समुद्रात गेलेल्या दगडी बांधाच्या टोकापर्यंत चालत जातो, तिथे पोहोचल्यावर कॅमेरा गाडीतच राहिल्याचे लक्षात येते, आणि मग हे सगळे आठवणीत ठेव असे तो मुलाला सांगतो. भावनेने ओथंबलेले असे वाक्य इरफान हसत, जवळजवळ सहज म्हणून टाकतात. या भूमिकेसाठी त्यांना अमेरिकेच्या ‘इंडिपेंडंट स्पिरिट’ पुरस्काराचे नामांकन मिळाले.

नट म्हणून दूरचित्रवाणीकडे ते परतले ते २०१० मध्ये, पण ती दूरचित्रवाणी वेगळी होती. ‘एचबीओ’ ही अमेरिकी वाहिनी प्रेक्षकांच्या वर्गणीवर चालते, जाहिरातींवर नाही. त्यामुळे दर काही मिनिटांनी उत्कंठा ताणण्याची सक्ती तिच्यावर नसते. ‘इन ट्रीटमेंट’ या मूळच्या इस्रायली मालिकेवरून केलेल्या मालिकेचा साचा तर कमालीचा साधा होता : एक मानसोपचारतज्ज्ञ, एक रुग्ण, एक खोली आणि सुमारे अर्धा तास बोलणे. तिसऱ्या पर्वात इरफान यांनी सुनील हा कोलकात्याचा निवृत्त गणित शिक्षक केला. पत्नी वारल्यावर त्याला ब्रुकलिनला मुलाच्या आणि अमेरिकन सुनेच्या घरी येऊन राहावे लागले आहे. पहिल्या भेटीत मुलगा आणि सून त्याला घेऊन येतात, तेव्हा तो जवळपास मुका असतो. ती दोघे बाहेर गेल्यावर तो हळूहळू इंग्रजीत बोलू लागतो. त्याचे सात भाग आहेत. बाहेरचे दृश्य नाही, पाठलाग नाही, गाणे तर नाहीच; परक्या भाषेतली पानेच्या पाने खुर्चीत बसून बोलायची आहेत. सुनेविषयीच्या त्याच्या बोलण्यातली आसक्ती, तिरस्कार आणि धोका यांमुळे डॉक्टरही गोंधळतो, आणि शेवटी कळते की भारतात परत पाठवले जावे म्हणून सुनीलने हे सारे जाणूनबुजून घडवून आणले होते. ते कळल्यावर पहिला भाग पुन्हा पाहिला तर इरफान यांचे कसब दिसते : प्रत्येक वाक्य खऱ्या दुःखाचेही वाटते आणि आखलेल्या डावाचेही, आणि दोन्ही अर्थ कुठेही एकमेकांना खोडत नाहीत. या नटाचे एकच काम पाहायचे असेल तर मी चित्रपटांआधी हे सात भाग सुचवीन.

आता ‘पानसिंग तोमर’कडे येऊ. स्टीपलचेस या अडथळ्यांच्या शर्यतीत सात वेळा राष्ट्रीय विजेता ठरलेला लष्करातला सुभेदार पुढे चंबळच्या खोऱ्यात बागी होतो, ही सत्यकथा. तिग्मांशु धुलिया यांनी तो ‘यूटीव्ही’साठी केला, २०१० मध्ये लंडनच्या महोत्सवात तो दाखवला गेला आणि भारतात प्रदर्शित झाला २ मार्च २०१२ रोजी. पूर्ण झालेला चित्रपट डब्यात का राहतो, हे सामान्य प्रेक्षकाला कोडे वाटते. चित्रपट बनवण्याचा खर्च आणि तो लोकांसमोर आणण्याचा खर्च हे दोन वेगळे खर्च असतात. जाहिरात, प्रसिद्धी, पडदे मिळवणे यांवर पुन्हा मोठी रक्कम ओतावी लागते, आणि ती परत येईल याची खात्री नसली की कंपनी आधी झालेला खर्च मुकाट्याने सोसते आणि पुढचा टाळते. नटाचे यात विचित्र नुकसान होते. मानधन त्याला मिळालेले असते, पण पत मिळत नाही, कारण काम कोणी पाहिलेलेच नसते. दोन वर्षांनी चित्रपट आला, तोंडोतोंडी चालला आणि त्याला सर्वोत्कृष्ट चित्रपटाचा राष्ट्रीय पुरस्कारही मिळाला. धावण्याच्या प्रसंगांविषयी बरेच लिहिले गेले आहे. मला त्यातले खाण्याचे प्रसंग अधिक बोलके वाटतात. सैन्यातल्या खुराकावर नजर ठेवून खेळाकडे वळलेला हा शेतकरी गडी, अन्नाविषयी बोलताना जितका गंभीर असतो तितका देशाविषयी बोलतानाही नसतो.

त्याच्या पुढच्याच वर्षी आलेल्या ‘द लंचबॉक्स’ने स्वतंत्र चित्रपटाचे आंतरराष्ट्रीय गणित भारतीय प्रेक्षकाला प्रथमच दारात आणून दाखवले. रितेश बत्रा यांचा हा पहिला चित्रपट. त्यात मुंबईच्या निर्मात्यांबरोबर एनएफडीसी होती, फ्रान्स आणि जर्मनीतल्या निर्मिती संस्था होत्या. सहनिर्मिती म्हणजे निव्वळ पैसे जोडणे नसते. दोन देशांत तसा करार असला की ठरावीक अटी पाळून चित्रपट दोन्हीकडे ‘आपला’ म्हणून नोंदवता येतो आणि तिथल्या सरकारी निधीला पात्र ठरतो; त्या बदल्यात कामाचा काही भाग त्या देशात किंवा तिथल्या माणसांकडून करून घ्यावा लागतो. म्हणून चर्चगेटच्या गर्दीतल्या डब्याच्या गोष्टीला माक्स रिश्टर यांच्यासारख्या युरोपीय संगीतकाराचे संगीत असू शकते. मे २०१३ मध्ये कान महोत्सवाच्या समीक्षक सप्ताहात तो दाखवला गेला, तिथे त्याला प्रेक्षकपसंतीचा पुरस्कार मिळाला, उत्तर अमेरिकेचे हक्क ‘सोनी पिक्चर्स क्लासिक्स’ने घेतले, आणि मग सप्टेंबरमध्ये तो भारतात आला. क्रम लक्षात घ्या : आधी बाहेरची मान्यता, मग घरचे वितरण. ऑस्करसाठी भारताकडून मात्र ‘द गुड रोड’ हा गुजराती चित्रपट गेला आणि त्यावरून बरीच जुंपली. तोही एनएफडीसीचाच होता, हे त्या गदारोळात बहुतेकांच्या ध्यानात आले नाही.

साजन फर्नांडिस हा सरकारी कचेरीत दावे तपासणारा, निवृत्तीला टेकलेला विधुर. चुकून दुसऱ्याचा डबा त्याच्या टेबलावर येतो. तो सवयीने पहिला पुडा उघडतो, थांबतो, वाकून वास घेतो. मालिकेतल्या नटाने इथे भुवया उंचावल्या असत्या. इरफान यांच्या चेहऱ्यावर आनंद दिसत नाही. दिसतो तो किंचित संशय, जणू एवढे चांगले जेवण आपल्याला येणे ही कचेरीची चूक आहे आणि ती कोणत्या विभागाकडे कळवावी हे तो ठरवतो आहे. पुढे निम्रत कौर यांची इला आणि साजन यांच्यात चिठ्ठ्या सुरू होतात, पण दोघे एका चौकटीत समोरासमोर कधीच येत नाहीत. प्रेमकथेतल्या नायकाला नायिकेशिवाय, कागद वाचत आणि घास खात भूमिका करायची आहे. वरच्या मजल्यावरच्या देशपांडे आंटी तर केवळ आवाजाने वावरतात. तो आवाज भारती आचरेकर यांचा आहे, आणि मराठी कानाला तो पहिल्या हाकेलाच ओळखू येतो.

‘द लंचबॉक्स’ आणि अनुप सिंग यांचा ‘किस्सा’ हे दोन्ही २०१३ चेच. ‘किस्सा’ पंजाबीत आहे, तोही भारत आणि जर्मनी यांच्या सहकार्यातून झालेला. फाळणीत घर गमावलेला उंबर सिंग मुलगा हवा या हट्टापायी चौथ्या मुलीला मुलगा म्हणून वाढवतो. साजनच्या खांद्यांवर आयुष्याचे ओझे दिसते. उंबर सिंग ते ओझे दुसऱ्यांच्या खांद्यावर टाकतो. एकाच वर्षात महोत्सवांतल्या प्रेक्षकाने या दोघांना पाहिले आणि दोघांवरही विश्वास ठेवला.

हॉलिवूडमधल्या ‘लाइफ ऑफ पाय’, ‘द अमेझिंग स्पायडर-मॅन’, ‘जुरासिक वर्ल्ड’ यांविषयी थोडक्यात सांगता येईल. ‘लाइफ ऑफ पाय’ वगळता अभिनयाच्या दृष्टीने त्यांत फार काही नव्हते, आणि ते असावे अशी अपेक्षाही नसावी. त्यांनी दिले ते वेगळे : जगभरच्या विक्रेत्यांना ओळखीचे झालेले नाव. एखादा युरोपीय निर्माता राजस्थानच्या वाळवंटातल्या गोष्टीला पैसे द्यावेत का, याचा विचार करतो तेव्हा पत्रकावर ओळखीचे एक नाव असले तर त्याचे काम सोपे होते. ज्या नटाच्या नावावर एकेकाळी वितरक दमडी द्यायला तयार नव्हता, त्याचे नाव आता स्वतंत्र चित्रपटांसाठी तारणाचे काम करू लागले. बांगलादेशचे मुस्तफा सरवर फारुकी यांच्या ‘डूब’मध्ये (२०१७) ते नटाबरोबर सहनिर्मातेही होते, आणि निशिकांत कामत यांच्या ‘मदारी’च्या निर्मात्यांत त्यांच्या पत्नी आणि एनएसडीतल्या सहाध्यायी सुतपा सिकदर होत्या.

याच काळातली एक भूमिका आपल्याकडे फारशी पाहिली गेली नाही. २०१६ मध्ये जपानची सार्वजनिक वाहिनी ‘एनएचके’ हिच्या ‘टोकियो ट्रायल’ या चार भागांच्या मालिकेत, दुसऱ्या महायुद्धानंतर जपानी नेत्यांवर चाललेल्या खटल्यातले भारतीय न्यायाधीश राधाबिनोद पाल त्यांनी उभे केले. ‘नेटफ्लिक्स’वरून ती इतर देशांत पोहोचली. अकरा न्यायाधीशांत पाल यांनी सर्व आरोपींना दोषमुक्त ठरवणारे भिन्न मतपत्र लिहिले होते. दूरदर्शनवर लेनिन करणाऱ्या नटाला हे काम नवे नव्हते : खरा, कागदोपत्री नोंदलेला माणूस, पानभर युक्तिवाद आणि खुर्चीत बसून करायचा अभिनय. फरक एवढाच, की आता वाक्ये कमी करून मागण्याइतकी पत त्यांच्यापाशी होती.